रोजंदारी, बदली, दिनगूलि : तात्पुरत्या सेवेचा न्यायिक इतिहास

म्हैसूरच्या कुवेंपुनगरात सकाळी रस्ता झाडणाऱ्यास कन्नडमध्ये ‘पौरकार्मिक’ म्हणतात. सरकारी कचेरीत रोजावर काम करणारा मात्र ‘दिनगूलि नौकर’ ठरतो. दिन आणि कूलि यांचा हा समास. कूलि म्हणजे मजुरी. मराठीत ‘कुली’ हे ओझे वाहणाऱ्या माणसाचे नाव आहे, तर कन्नडमध्ये ते त्याच्या मोबदल्याचे. मराठीने या सेवेसाठी फारसी ‘रोज’पासून ‘रोजंदारी’ हा शब्द घडविला. दोन्ही भाषांत नाव दिवसाचे, व्यवहार मात्र दहा-वीस वर्षांचा. या विसंगतीवरच पुढील खटले उभे राहिले.

पहिला महत्त्वाचा निर्णय 1990 चा. 1956 पर्यंत मुंबई राज्यात असलेल्या धारवाड जिल्ह्यातील सार्वजनिक बांधकाम खात्याच्या साक्षर रोजंदारी कर्मचाऱ्यांची संघटना सर्वोच्च न्यायालयात गेली होती. न्यायालयाने दीर्घकाळ काम केलेल्यांना टप्प्याटप्प्याने कायम करण्याची योजना मान्य केली. ‘साक्षर’ हे विशेषण सूचक आहे. हे खडी फोडणारे मजूर नव्हते; त्यांचा दर्जा मजुराचा आणि काम लेखनिकाचे होते.

सोळा वर्षांनी वारे फिरले. कर्नाटकच्या वाणिज्य कर खात्यात 1985-86 च्या सुमारास रोजंदारीवर घेतलेल्या आणि दहा वर्षांहून अधिक काळ राबलेल्या कर्मचाऱ्यांचा प्रश्न ‘कर्नाटक राज्य विरुद्ध उमादेवी’ या खटल्यात पाच न्यायाधीशांच्या घटनापीठापुढे आला. 10 एप्रिल 2006 च्या निकालाने ठरविले की, घटनेच्या अनुच्छेद 14 व 16 मधील समान संधी डावलून झालेली नेमणूक केवळ कालावधीच्या बळावर कायम होऊ शकत नाही. धारवाडच्या निर्णयाला सर्वसाधारण नियम मानण्यासही नकार मिळाला. मात्र नेमणूक ‘बेकायदेशीर’ नसून ‘अनियमित’ असेल, पद मंजूर असेल आणि न्यायालयीन आदेशाच्या आधाराविना दहा वर्षे सेवा झाली असेल, तर एकदाच अपवाद करण्याची मुभा ठेवली गेली. पुढे प्रशासनाने नकार लक्षात ठेवला, अपवाद बहुधा विसरला.

दाराबाहेर उभ्या असलेल्या बेरोजगाराचा हक्क घटनापीठाने पाहिला, हे न्याय्यच होते. पण दार उघडणारा कोण, हा प्रश्न त्यात मागे पडला. तो प्रश्न महाराष्ट्राच्या 1971 च्या कामगार संघटना मान्यता व अनुचित कामगार प्रथा प्रतिबंधक अधिनियमाने आधीच विचारला होता. त्याच्या चौथ्या अनुसूचीतील सहाव्या नोंदीप्रमाणे, कायमपणाचे लाभ मिळू नयेत या हेतूने कामगारांना बदली, नैमित्तिक किंवा तात्पुरते म्हणून वर्षानुवर्षे ठेवणे ही अनुचित प्रथा होय. येथे तपासला जातो तो मालकाचा हेतू. मुंबईच्या गिरण्यांतला ‘बदली’ हा शब्द त्या कायद्याच्या इंग्रजी पाठात जसाच्या तसा गेला आणि तेथून 1980 च्या दशकात औद्योगिक विवाद अधिनियमाच्या पाचव्या अनुसूचीत. पहाटे गिरणीच्या फाटकाशी गैरहजर माणसाची जागा मिळण्याची वाट पाहणाऱ्याचे नाव देशाच्या कायद्यातही आले. आदर्श स्थायी आदेशांतील 240 दिवसांची अट टाळण्यासाठी दिली जाणारी खोटी खंडितता कामगारांच्या बोलीत ‘ब्रेक’ झाली. हा शब्द कायद्यात नाही, पण त्याच्यावाचून कायद्याचा इतिहास समजत नाही.

या दोन परंपरांची गाठ 2009 मध्ये पडली. महाराष्ट्र राज्य मार्ग परिवहन महामंडळ विरुद्ध कास्ट्राईब राज्य परिवहन कर्मचारी संघटना हा तो खटला. कामगार होते बसगाड्या धुणारे, झाडणारे. उमादेवी निकालाने रिट न्यायालयांना मर्यादा घातली असली, तरी अनुचित प्रथा सिद्ध झाल्यास उपाय देण्याचा औद्योगिक न्यायालयाचा अधिकार अबाधित आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने म्हटले. नसलेली पदे निर्माण करण्याचा अधिकार मात्र त्यातून मिळत नाही, हेही सांगितले. याच औद्योगिक मार्गाने मुंबई महानगरपालिकेच्या सुमारे 2,700 कंत्राटी सफाई कामगारांनी 2017 मध्ये कायमपणा मिळविला. त्यांच्यासाठी कचरा वाहतूक श्रमिक संघ लढला होता.

कर्नाटकाने दुसरी वाट काढली. 2012 च्या रोजंदारी कर्मचारी कल्याण अधिनियमाने अधिसूचित कर्मचाऱ्यांना साठाव्या वर्षापर्यंत सेवेची हमी दिली, वेतनही सुधारले. नाव मात्र दिनगूलिच राहिले. महाराष्ट्राच्या बांधकाम व पाटबंधारे खात्यांत कालेलकर निवाड्याने पाच वर्षांच्या सलग सेवेनंतर मिळणाऱ्या दर्जाला ‘रूपांतरित नियमित अस्थायी आस्थापना’ असे नाव पडले होते. ‘नियमित’ आणि ‘अस्थायी’ ही विशेषणे एकाच पदनामात शेजारी बसविणारी ही प्रशासकीय मराठी एखाद्या उपहासलेखकाला सुचली असती, तर अतिशयोक्ती वाटली असती.

20 डिसेंबर 2024 रोजी केंद्रीय जल आयोगातील सफाईकाम व बागकाम करणाऱ्या ‘अंशकालीन’ कर्मचाऱ्यांच्या जग्गो खटल्यात न्या. विक्रम नाथ आणि निपाणीत जन्मलेले न्या. प्रसन्न वराळे यांच्या पीठाने त्यांना सेवेत नियमित करण्याचा आदेश दिला. नेमणुकीला दिलेल्या नावापेक्षा कामाचे नित्य स्वरूप महत्त्वाचे मानले गेले, आणि उमादेवी निकालाचा उपयोग दीर्घ सेवा नाकारण्याची ढाल म्हणून होत असल्याची नोंद झाली. घटनापीठाचा तो निकाल त्यामुळे रद्द झालेला नाही. वादाचे केंद्र मात्र कर्मचारी आत कसा आला यावरून, त्याला इतकी वर्षे तसेच का ठेवले, याकडे सरकले आहे.