तळटीप : चोपण रान

१२. चोपण रान : येथे अभिप्रेत आहे ती परभणीची गोदाकाठची भारी काळी जमीन. दख्खनच्या बेसाल्टपासून झालेल्या या मातीत मॉन्टमोरिलोनाइट हे खनिज भरपूर असते. ओल मिळाली की ते फुगते, वाळले की आकसते. म्हणून उन्हाळ्यात हात जाईल एवढ्या भेगा पडतात आणि श्रावणात चिखलातून पाय सुटत नाही. भेगा मिटल्या की पाणी मुरणे जवळपास थांबते. म्हणूनच अशी राने खरिपात मोकळी ठेवून, कुळवून, धरलेल्या ओलीवर रब्बी ज्वारी घेण्याची जुनी रीत होती. पैठणला जायकवाडीचे धरण झाले (१९७६), डावा कालवा जिल्ह्यात आला, आणि पाण्यामागे निचऱ्याचा विचार मागे पडला. निचऱ्याअभावी मातीच्या कणांवर सोडियम साचला की कण विखुरतात, छिद्रे बुजतात. विनिमययोग्य सोडियम १५ टक्क्यांवर आणि सामू ८.५ च्या वर गेला की जमीन चोपण समजतात. पांढरे क्षार फुटणारी खारवट जमीन वेगळी. लेखकाने दोन्ही एकच मानल्या आहेत, आणि ते शेतकऱ्याला महागात पडणारे आहे : खारवट रान चर काढून, पाणी देऊन धुता येते; चोपणाला आधी जिप्सम लागते, नुसत्या पाण्याने ते आणखी आवळते. कालव्यावर लेखकाचा राग आहे, तो अर्धाच रास्त. चर बुजवून पाटपाणी सोडणारेही आपणच. अशा भारी जमिनीत पावसाचे जादा पाणी निचरून जावे म्हणून आज सुचवली जाणारी रुंद वरंबा-सरी पद्धत पाटणचेरूच्या इक्रिसॅट या संशोधन संस्थेत विकसित झाली. मराठवाड्यात ती मुख्यतः सोयाबीनला वापरतात. — संपा.