रसिकांनी राखलेला ठेवा

संगीताचा इतिहास तबकड्यांवरून लिहावा, असा आपला सर्वसाधारण समज असतो. परंतु जे संगीत जन्मल्यावर जवळजवळ सहा वर्षे तबकडीवर चढलेच नाही, त्याचा इतिहास कुठे शोधायचा? वाचकहो, अमेरिकेतल्या हिप हॉपची गोष्ट अशीच आहे.

११ ऑगस्ट १९७३ रोजी न्यूयॉर्कच्या ब्राँक्स भागात, सेजविक अव्हेन्यूवरच्या १५२० क्रमांकाच्या इमारतीत, सिंडी कॅम्पबेल या मुलीने नाचगाण्याचा एक जलसा ठेवला. शाळेसाठी नवे कपडे घ्यायचे, म्हणून ही खटपट! मुलींना २५ सेंट, मुलांना ५०. तबकड्या लावायला बसला तिचा भाऊ क्लाइव्ह, म्हणजेच कूल हर्क. गाण्यातला नुसता तालाचा तुकडा आला की नाचणारी पोरं बेभान होतात, हे त्याने हेरले. एकाच गाण्याच्या दोन तबकड्या दोन यंत्रांवर लावून तो तेवढाच तुकडा लांबवीत नेऊ लागला. त्या तालावर यमके जुळवीत बोलणारे पुढे आले.

कंपन्यांना याची दखल घ्यावीशी वाटली नाही. १९७९ साली 'रॅपर्स डिलाइट' ही तबकडी गाजली खरी, पण ती गाणारा संच कंपनीच्या मालकिणीने नुकताच जुळवलेला होता. मग मधल्या जलशांचे काय झाले? ते टिकले साध्या कॅसेटवर. कुणी जलशातच ध्वनिमुद्रण करी, मित्र त्याची नक्कल घेई, नकलेची पुन्हा नक्कल होई. दर खेपेस खरखर वाढे, पण गाणे जगे. काहींनी जलशांची हस्तपत्रकेदेखील जपली. २००७ साली कॉर्नेल विद्यापीठाने हिप हॉपचा संग्रह उभारला, तो अशाच एका संग्राहकाने जमवलेल्या सामग्रीच्या पायावर.

बरे, तबकडी निघाली म्हणजे तरी गाणे सुरक्षित झाले का? तसेही नाही. 'डे ला सोल' या संचाची १९८९ सालची पहिली तबकडी पाहा. तीत जुन्या गाण्यांचे कितीतरी तुकडे गुंफलेले. पुढे संगणकावरून गाणी ऐकण्याचे दिवस आले, आणि जुने करारमदार आडवे आले. २०१४ साली संचाने स्वतःच आपली गाणी एका दिवसापुरती फुकट वाटली. सर्वांसाठी ती रीतसर खुली झाली ३ मार्च २०२३ रोजी. संचातला एक गायक, ट्रुगॉय, तीनच आठवड्यांपूर्वी वारला होता. मधल्या काळात जुन्या तबकड्या आणि कॅसेटी सांभाळणाऱ्या चाहत्यांनीच हे संगीत नव्या कानांपर्यंत पोचवले.

परवानगीवाचून नक्कल करणे कायद्याला धरून नाही, आणि त्यात कलावंताचे नुकसानही होते, हे नाकारून चालणार नाही. पण ज्याला मालकाने टाकून दिले, ते कुणीतरी उचलून ठेवलेच नसते, तर आज हक्क सांगायला तरी काय उरले असते?

तुमच्या माळ्यावरही जुन्या कॅसेटींचे एखादे खोके पडले असेल. फेकण्यापूर्वी एकदा ऐका. आणि आवाज कुणाचा, कुठला, कधीचा, एवढे तरी वर लिहून ठेवा.