सिंहाच्या जबड्यावरचा हात : टॅरो, गंजिफा आणि धैर्याचे चित्र

एम.ए.च्या वर्गात रूपक आणि प्रतीक यांतील भेद शिकवीत असताना एका विद्यार्थिनीने वहीतून एक पत्ता काढून आमच्यापुढे ठेवला. शुभ्रवस्त्रा स्त्री, डोक्यावर-कमरेला फुलांची माळ आणि तिचे हात सिंहाच्या जबड्यावर. ‘ही आपली तुळजाभवानीच ना, सर?’ तिने विचारले. वर्ग हसला. पण कोजागरीला सोलापुराहून तुळजापूरच्या वाटेने पायी निघणारा जनसमुदाय लहानपणापासून पाहिलेल्या मुलीला दुसरे काय आठवावे? तिच्या प्रश्नातील चूक समजून घेण्याजोगी होती. म्हणूनच हे टिपण.

तो पत्ता टॅरोमधील ‘सामर्थ्य’ अथवा ‘धैर्य’ या सद्गुणाचा. १९०९ साली लंडनमध्ये आर्थर वेट यांच्या कल्पनेवरून पामेला कोलमन स्मिथ या चित्रकर्तीने रेखाटलेल्या संचात तो आजच्या रूपात आला. तुळजाभवानी महिषासुरमर्दिनी आहे. तिचा प्रतिपक्ष महिषासुर. सिंह हे तिचे वाहन, तिच्या पक्षाचा. पत्त्यातील सिंह मात्र वश करावयाचा पशू आहे, आणि तोही शस्त्रावाचून. स्त्री आणि सिंह या दोन खुणा समान असूनही त्यांच्यातील नाते बदलताच अर्थ पार पालटतो.

हे नाते खुद्द टॅरोतही स्थिर नव्हते. पंधराव्या शतकातील मिलानच्या राजघराण्यासाठी रंगविलेल्या एका संचात याच सद्गुणाच्या पत्त्यावर सोटा उगारून सिंहावर धावून जाणारा पुरुष आहे. त्या काळच्या दुसऱ्या एका इटालियन संचात सिंहच नाही. तेथे स्त्री दगडी स्तंभ मोडते आहे. पत्त्याचा क्रमांकही बदलला. जुन्या मार्सेय पद्धतीत धैर्य अकरावे आणि न्याय आठवा. वेट यांनी ही अदलाबदल केली. तेव्हा ‘या पत्त्याचा मूळ अर्थ’ असे जेव्हा कोणी छातीठोकपणे सांगतो, तेव्हा कोणते मूळ, असे विचारले पाहिजे.

वस्तुतः टॅरो हा इटलीत जन्मलेला, डाव मारण्याचा साधा खेळ. त्याला गूढविद्येचे वलय लाभले ते १७८१ नंतर. त्या वर्षी कूर द जेबलँ या फ्रेंच विद्वानाने हे पत्ते म्हणजे प्राचीन इजिप्तच्या ज्ञानाचा अवशेष होय, असे प्रतिपादिले. गंमत अशी की, इजिप्तची चित्रलिपी शाम्पोल्यॉने उलगडली ती १८२२ साली. म्हणजे जी लिपी कोणालाच वाचता येत नव्हती, तिच्या आधारावर अर्थ सांगितला गेला आणि तो रूढही झाला! साहित्याच्या अभ्यासकाने हे उदाहरण जवळ बाळगावे. संहितेपुढे बसून आपणही कधी कधी हेच करतो.

आपल्याकडे पत्त्यांवर चित्रे नव्हती काय? सावंतवाडीची दशावतारी गंजिफा आठवावी. गोल आकाराची १२० पाने. दहा अवतारांचे दहा रंग. प्रत्येकात राजा, प्रधान आणि एक ते दहा. विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात ही कला लोपत चालली असता शिवरामराजे आणि सत्त्वशीलादेवी भोसले यांनी तिला आधार दिला, जुन्या चितारी कलावंताकडून ती पुढच्या पिढीकडे पोचविली. या खेळात दिवसा रामाच्या रंगाला अग्रमान, रात्री कृष्णाच्या. पाच रंगांत दश्शी एक्क्याहून थोर, तर उरलेल्या पाचांत एक्का दश्शीहून थोर. पानाचे मोल त्याच्या अंगी नसते; ते रंगावर आणि वेळेवर ठरते.

येथे धैर्य, न्याय, संयम असे अमूर्त गुण पानावर येत नाहीत. येतो तो परशुराम, राम, वामन. गुण चरित्रातून ओळखावयाचा. आणि नृसिंहाच्या पानावर तर सिंह ना शत्रू, ना वाहन; तो स्वतःच देव आहे! गुणांना मानवी देह देणे आपल्याला अपरिचित होते असे मात्र नव्हे. अकराव्या शतकातील कृष्णमिश्राच्या ‘प्रबोधचंद्रोदय’ नाटकात विवेक हाच राजा आहे. परंतु ज्ञानेश्वर सोळाव्या अध्यायात दैवी संपत्तीचा आरंभ ‘अभया’ने करतात, तेव्हा त्या गुणाची मूर्ती घडवीत नाहीत, दृष्टान्त देतात. मराठी वाचकाचे संस्कार मुख्यतः या दुसऱ्या वाटेचे आहेत.

त्या विद्यार्थिनीला आम्ही एवढेच सांगितले : भवानी आठवली हे योग्यच, परंतु आठवण म्हणजे अर्थ नव्हे. आधी सिंह कोणाच्या बाजूचा आहे ते पाहावे. युरोपीय परंपरेतील चार प्रधान सद्गुणांपैकी धैर्य, न्याय, संयम हे तीन टॅरोच्या रूढ संचात उघडपणे आहेत. चौथा, ज्याला आपण विवेकाच्या जवळचा म्हणू, तो नाही. तिने क्षणभर विचार केला, पत्ता पुन्हा वहीत ठेवला आणि म्हणाली, ‘मग तो वाचणाऱ्यानेच आणायचा असेल, सर.’ त्या तासाला आम्हाला आणखी काही शिकवावे लागले नाही.