रेकॉर्ड बटण आणि घरातला इतिहास

आजचा भाग एका फिल्ममेकरबद्दल आहे, पण सुरुवात आपल्या नाशिकरोडच्या सेंट्रल जेलपासून.

१९३२-३३ मध्ये इथे जयप्रकाश नारायण, मिनू मसानी, अशोक मेहता आणि अहमदनगरचे अच्युत पटवर्धन कैदेत होते. त्या चर्चांतून १९३४ चा काँग्रेस समाजवादी पक्ष आकाराला आला. पुढे १९४२ मध्ये अच्युतराव भूमिगत झाले, आणि इंग्रजांना ते कधी सापडलेच नाहीत.

या अच्युतरावांचा पुतण्या म्हणजे आनंद पटवर्धन. जन्म १९५०, मुंबई. पन्नास वर्षं डॉक्युमेंटरी करणारा माणूस.

त्यांची पद्धत साधी: ज्याच्यावर गुदरलं, त्यालाच बोलू द्यायचं. याला म्हणतात मौखिक इतिहास. ११ जुलै १९९७ ला घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा जण गेले. काही दिवसांतच शाहीर विलास घोगरे यांनी आत्महत्या केली. हेच घोगरे १९८५ च्या ‘हमारा शहर’मध्ये गायले होते. पटवर्धनांनी कॅमेरा उचलला, आणि ‘जय भीम कॉम्रेड’ पूर्ण व्हायला चौदा वर्षं लागली. कोर्टाच्या कागदांत न येणारं वस्तीतल्या लोकांचं म्हणणं, त्यांची गाणी, त्यात राहिली.

पण गंमत बघा. जगाच्या गोष्टी टिपणाऱ्या या माणसाच्या स्वतःच्या घरातही इतिहास बसला होता. म्हातारे आईवडील, निर्मला आणि बाळू, यांचं त्यांनी सहज म्हणून शूटिंग केलं. आई नावाजलेल्या सिरॅमिक कलाकार, माहेर सिंधमधलं. दोघं गेल्यावर बऱ्याच वर्षांनी त्यातून २०२३ मध्ये ‘वसुधैव कुटुंबकम्’ ही फिल्म आली. स्वातंत्र्यलढा आणि फाळणी, सगळं घरातल्या गप्पांतून.

आता कुणी म्हणेल, आठवणी चुकतात. चुकतातच! म्हणून त्या कागदाशी ताडून बघायच्या. पण भीती कशी वाटली, काय लपवलं, कोण रडलं, हे कागद सांगत नाही.

माझ्या आजोबांचं माझ्याकडे काय आहे माहितीये? चाळीस सेकंदांची एक व्हॉइस नोट. “येताना दूध आण.” रोज लाखो ओळींचे लॉग सांभाळणारा मी, आणि त्यांचं बालपण विचारायचं राहून गेलं.

तुमच्या घरी अजून कुणी असेल, तर आज फोन समोर ठेवा, रेकॉर्ड दाबा आणि एकच विचारा: “तुमच्या लहानपणी घर कसं होतं?” मग गप्प बसून ऐका.

भेटू पुढच्या भागात!