परब, प्रथमेश

मराठी चित्रपट-अभिनेते. वयात येणारी पोरे आणि कॉलेजची हवा लागलेली तरुणाई यांच्या चित्रपटांतला ओळखीचा चेहरा. सडपातळ बांधा, सावळा वर्ण आणि चाळीत वाढलेल्या पोराची बोली हे मराठी नायकाच्या रूढ साच्यात न बसणारे भांडवल त्यांनी बिनदिक्कत वापरले.

सुरुवात एकांकिकेतून झाली. ‘बीपी’ या गाजलेल्या एकांकिकेत ते होते, आणि तीवरून रवी जाधव यांनी केलेल्या ‘बालक-पालक’मध्ये (2013) विशूची भूमिकाही त्यांच्याकडेच आली. ऐंशीच्या दशकातल्या मुंबईच्या चाळीत, मोठ्यांनी दडवलेल्या गोष्टी बरोबरच्या पोरापोरींना सांगणारा हा सर्वज्ञ. रंगमंचावर हशा वसूल करण्याची सवय पडद्यावर अनेकदा भडक वाटते. विशूच्या आगाऊपणात मात्र ती खपून गेली.

पुढच्याच वर्षी ‘टाइमपास’ आला आणि दगडू घराघरांत पोहोचला. दहावीत गचकलेला, रिक्षावाल्याचा मुलगा. मलेरिया, कोंबडा, बालभारती अशा नावांचे मित्र. आणि प्रेम जडते ते लेल्यांच्या प्राजक्तावर (केतकी माटेगावकर). तिचे वडील माधव लेले झालेल्या वैभव मांगले यांच्यासमोर दगडूची बोबडी वळते, तेव्हा या प्रेमकथेतली जातवर्गाची भिंत एकही भाषण न देता दिसते. साईबाबांची शपथ घालण्याची त्याची लकब पोरांनी उचलली.

दगडूने त्यांना नाव दिले आणि अडकवलेही. ‘टाइमपास 2’ची (2015) कथा काही वर्षे पुढे गेली, तेव्हा थोराड दगडू प्रियदर्शन जाधव यांनी साकारला. ‘टाइमपास 3’ने (2022) पुन्हा मागे येऊन पहिल्या दोन भागांमधला काळ पकडला. पहिल्या चित्रपटानंतर आठ वर्षांनी परब परत दगडूच झाले. या वेळी समोर हृता दुर्गुळे होत्या. पडद्यावरचे वय असे गोठवून ठेवणे सोपे नसते.

मधल्या काळात ‘उर्फी’ (2015) आणि ‘35% काठावर पास’ (2016) हे चित्रपट आले. मिलिंद कवडे दिग्दर्शित ‘टकाटक’ (2019) चावट विनोदावर चालला, त्याचा दुसरा भागही निघाला. निशिकांत कामत यांच्या हिंदी ‘दृश्यम’मध्ये (2015) ते नायकाच्या केबलच्या धंद्यातला नोकर जोस झाले. अरुण साधूंच्या कादंबरीवरचा ‘झिपऱ्या’ (2018) मात्र वेगळ्या वाटेचा. रेल्वेवर बूटपॉलिश करणाऱ्या पोरांच्या जगात त्यांची बोली पाहुणी वाटत नाही. अशा भूमिका त्यांच्या वाट्याला जास्त यायला हव्या होत्या.

जपानमध्ये निक्कात्सू स्टुडिओने 1956 पासून नट युजिरो इशिहारांना घेऊन तरुणांच्या चित्रपटांची रांग लावली. मराठीत एखाद्या नटासाठी अशी यंत्रणा राबवणारा स्टुडिओ परब यांच्या काळात नव्हता, त्यामुळे ‘टाइमपास’नंतरची त्यांची वाटचाल वेगवेगळ्या निर्मात्यांच्या एकेका चित्रपटावर होत राहिली.