ग्रीनलंडमधील नॉर्स वसाहतींचे पुरातत्त्व

आइसलंडहून आलेल्या तांबड्या एरिकमागोमाग इ. स. 985 च्या सुमारास नॉर्स शेतकरी ग्रीनलंडच्या नैर्ऋत्य किनाऱ्यावरील फ्योर्डांमध्ये वसले. ‘पूर्व’ आणि ‘पश्चिम’ अशी त्यांच्या दोन वसाहतींची नावे असली, तरी दोन्ही याच किनाऱ्यावर होत्या : एक दक्षिण टोकाकडे, दुसरी आजच्या नूक शहराच्या बाजूला. बाराव्या शतकात गार्दार येथे बिशपचे पीठही आले. 1408 मध्ये ह्वाल्से चर्चमध्ये लागलेले लग्न ही कागदपत्रांतून कळणारी इथली शेवटची घटना; पुढचे सारे मातीलाच विचारावे लागते.

डॅनिश पुरातत्त्वज्ञ पौल नोर्लुंड यांनी 1921 मध्ये हेर्योल्फ्सनेस येथील दफनभूमी उत्खनित केली. अनेक प्रेते शवपेटीविना, अंगावरच्या जुन्या कपड्यांतच पुरलेली होती. गोठलेल्या जमिनीने लोकरीचे झगे, टोप्या, पायमोजे शतकानुशतके राखले. कापडातून वनस्पतींची मुळे आरपार गेली होती. म्हणजे पुरले तेव्हा ती माती वितळत असे, गोठली ती नंतर. हवामान बदलल्याचा इतका जवळचा पुरावा क्वचितच हाती येतो.

पश्चिम वसाहतीतले एक शेतघर नदीने आणलेल्या वाळूखाली गाडले गेले होते. 1990 मध्ये काठातून डोकावणारी लाकडे रेनडियरच्या शिकाऱ्यांना दिसली आणि 1991 ते 1996 या काळात तेथे उत्खनन झाले. नदी काठ खात असल्याने हे काम घाईनेच उरकावे लागले.

हे लोक गाईगुरांना चिकटून राहिले आणि उपासमारीने संपले, असे दीर्घकाळ मानले जाई. हाडे तसे सांगत नाहीत. 1999 मध्ये प्रसिद्ध झालेल्या कार्बन-समस्थानिकांच्या अभ्यासानुसार त्यांच्या आहारातील सागरी अन्नाचा वाटा सुमारे 20 टक्क्यांवरून 80 टक्क्यांपर्यंत वाढला. उकिरड्यांत सीलची हाडे ढिगांनी मिळतात. हे हट्टाने नव्हे, जुळवून घेऊन जगलेले लोक होते.

वॉलरसच्या सुळ्यांसाठी ते आर्क्टिक वृत्तापलीकडे, दूर उत्तरेला जात. उपरनाविकजवळच्या किंगिटोर्सुआक बेटावर 1824 मध्ये तळहाताएवढा रूनिक शिलालेख सापडला; त्यावर तिघांची नावे कोरलेली आहेत. एल्समेअर बेटावर इन्युइटांच्या पूर्वजांच्या घरांत साखळी-चिलखताचे तुकडे मिळाले. ते तेथे व्यापाराने पोचले की अन्य मार्गाने, याबाबत मतभेद आहेत.

पश्चिम वसाहत चौदाव्या शतकात आणि पूर्व वसाहत पंधराव्या शतकाच्या मध्याच्या सुमारास ओस पडली. थंडी, सुळ्यांची घटती मागणी, युरोपशी तुटत गेलेला संपर्क अशी कारणे एकत्र सांगितली जातात. आज तीच गोठलेली माती वितळत आहे. लोकर, लाकूड व हाडे ती पूर्वीसारखी राखू शकत नाही आणि हेर्योल्फ्सनेसची दफनभूमी समुद्र कापत चालला आहे.