काटेरी झुडपाने विचारलेला प्रश्न : ‘जाती’ म्हणजे काय?

१/८ वेल्समधील मॉनमथशर परगण्यात ट्रेलेक नावाचे खेडे आहे. त्या परिसरातील एका रानटी ब्लॅकबेरीला शास्त्रज्ञांनी गावाचेच नाव दिले : रुबस ट्रेलेकेन्सिस. गुलाबाच्या कुलातील ही अतिशय दुर्मीळ वनस्पती आपल्या महाबळेश्वरच्या रास्पबेरीची दूरची आप्त. पण मूठभर झुडपांना स्वतंत्र जातीचा मान कसा मिळाला? या प्रश्नामागे दोन शतकांचा वाद आहे.

२/८ १७५३ मध्ये लिनियसने युरोपातील बहुतेक ब्लॅकबेरी एकाच नावाखाली घातल्या : रुबस फ्रुटिकोसस. काम सोपे झाले. परंतु कुंपणाकुंपणावरची झुडपे त्या एका नावात मावेनात.

३/८ १८२२ ते १८२७ या काळात वाइहे आणि नेस फॉन एसेनबेक या जर्मन अभ्यासकांनी काटे, लव, ग्रंथी आणि पर्णिका न्याहाळून अनेक जाती वेगळ्या केल्या. केंब्रिजचे प्राध्यापक चार्ल्स बॅबिंग्टन यांनी १८६९ मध्ये ब्रिटनमधील ब्लॅकबेरींवर स्वतंत्र ग्रंथच लिहिला.

४/८ किती जाती मानाव्यात, यावर मात्र दोन तज्ज्ञांचे एकमत होईना.

५/८ हा गोंधळ डार्विनच्या पथ्यावर पडला. १८५९ च्या ‘ओरिजिन ऑफ स्पीशीज’मध्ये त्याने रुबसचे उदाहरण दिले. जाती आणि उपप्रकार यांतील सीमारेषा तज्ज्ञांनाही आखता येत नसेल, तर निसर्गात ती ठळक असेलच कशी?

६/८ कोडे उलगडले ते विसाव्या शतकात. बहुतेक ब्लॅकबेरींचे बी फलनाशिवायच तयार होते. परागकण लागतो तो मुख्यतः बियांतील अन्नसाठा घडण्यासाठी. त्यामुळे रोप म्हणजे मातेची हुबेहूब प्रत. क्वचित संकर होतो, नवे रूप जन्मते आणि पुढे पिढ्यान्‌पिढ्या तेच टिकते.

७/८ म्हणजे बारकावे टिपणाऱ्यांची नजर खरी होती आणि डार्विनची शंकाही. आज ब्रिटन व आयर्लंडमध्ये अशा तीनशेहून अधिक सूक्ष्मजाती मानल्या जातात. काही देशभर पसरलेल्या, तर काही एखाद्या टेकडीपुरत्या.

८/८ म्हणूनच ट्रेलेकच्या झुडपाचे नाव मोलाचे. ‘ब्लॅकबेरी काय, सगळीकडेच असते’ असे म्हणून कोणी ती जागा साफ केली, तर एक संपूर्ण वंश संपू शकतो. ज्याला नाव नाही, त्याच्या नष्ट होण्याची नोंद इतिहासात होत नाही.